‘अम्ब्रेजस’: सावलीचे एक दुर्मिळ इंग्रजी विशेषण वाचायचे कसे, मराठीत आणायचे कसे

‘अम्ब्रेजस’ हे इंग्रजी विशेषण आजच्या वर्तमानपत्रात क्वचित दिसते आणि बोलण्यात जवळजवळ नाहीच. ते सापडते एकोणिसाव्या शतकातल्या इंग्रज प्रवाशांच्या लिखाणात, बागांच्या वर्णनांत, जुन्या निसर्गकवितेत आणि सरकारी अहवालांच्या भारदस्त इंग्रजीत. मराठवाड्याचा इतिहास मुळातून वाचायचा म्हटले की या इंग्रजीशी गाठ पडतेच. औरंगाबाद जिल्ह्याचे १८८४ चे गॅझेटिअर घ्या, नाहीतर इम्पीरियल गॅझेटिअरचा हैदराबाद संस्थानावरचा १९०९ चा खंड घ्या, भाषेची धाटणी तीच. झाडे, बागा, ओढ्याकाठची झाडी यांची वर्णने करताना त्या काळचा लेखक साधा शब्द सोडून असा लॅटिन वळणाचा शब्द सहज उचलत असे. नवा अनुवादक तिथे अडतो, कोशात पाहतो, ‘छायादार’ लिहितो आणि पुढे जातो. निम्म्या वेळा ते चुकते.

हा लेख इंग्रजी वाचू लागलेल्या विद्यार्थ्यांसाठी आणि अनुवादाला नुकताच हात घातलेल्यांसाठी आहे. पायऱ्या दिल्या आहेत त्याच क्रमाने जा. शब्द एकच असला तरी त्याचे अर्थ तीन आहेत: सावली देणारा, सावलीत असलेला आणि (माणसाबाबत) लगेच दुखावणारा. यांतला कोणता अर्थ घ्यायचा हे ओळखण्याची रीत एकदा बसली की अशा इतर शब्दांनाही ती लावता येते.

पहिली पायरी: अक्षरे आणि उच्चार

शब्दात दहा अक्षरे आहेत: यू, एम, बी, आर, ए, जी, ई, ओ, यू, एस. सगळ्यात जास्त चूक होते ती सातव्या अक्षरात. ‘जी’नंतरचा ‘ई’ गाळला जातो, कारण उच्चारात तो वेगळा ऐकू येत नाही. पण त्याला तिथे काम आहे. ‘जी’च्या पुढे थेट ‘ओ’ आला तर इंग्रजी वाचणारा त्याचा ‘ग’ करतो. मध्ये ‘ई’ असला की ‘ज’ टिकतो. ‘करेजस’, ‘आउटरेजस’, ‘अ‍ॅडव्हान्टेजस’ या तिन्ही शब्दांत हाच ‘ई’ याच कामासाठी बसलेला आहे. चौघांची स्पेलिंगे एका खाली एक लिहून काढा, म्हणजे वेगळे पाठांतर करावे लागणार नाही.

उच्चाराचे तुकडे तीन: अम् – ब्रे – जस. जोर मधल्या ‘ब्रे’वर द्यायचा. ज्या नामावरून हे विशेषण आले ते नाम ‘अम्ब्रिज’, आणि त्यात जोर पहिल्या तुकड्यावर असतो. विशेषण होताना जोर पुढे सरकतो. ‘करेज’चे ‘करेजस’ होताना आणि ‘आउटरेज’चे ‘आउटरेजस’ होतानाही हेच घडते.

मराठी तोंडाला इथे दोन ठिकाणी जपावे लागते. सुरुवातीचा स्वर आपल्या ‘अंबड’ किंवा ‘अंबाजोगाई’मधल्या ‘अं’सारखा आखूड आहे, स्पेलिंगमधला ‘यू’ पाहून ‘उम्ब्रेजस’ म्हणू नका. दुसरे, मराठीत ‘ज’ दोन तऱ्हांनी उच्चारला जातो. ‘जर’, ‘जागा’ यांतला ज दातांजवळचा, ‘जन्म’, ‘जीवन’ यांतला टाळूजवळचा. देवनागरीत ‘अम्ब्रेजस’ लिहिलेले पाहिले की सवयीने ‘जर’मधला ज तोंडात येतो. इथे ‘जन्म’मधला हवा.

आधी उपपद लावायचे झाल्यास ‘अ‍ॅन’ लागते, कारण उच्चार स्वराने सुरू होतो. तुलना करताना ‘मोअर अम्ब्रेजस’ म्हणतात. शेवटी ‘-र’ जोडून रूप होत नाही. क्रियाविशेषण ‘अम्ब्रेजसली’ आणि भाववाचक नाम ‘अम्ब्रेजसनेस’ कोशांत मिळतात. वापरण्याची वेळ सहसा येत नाही.

दुसरी पायरी: शब्द आला कुठून

मूळ लॅटिन ‘उम्ब्रा’, म्हणजे सावली. त्यापासून जुन्या फ्रेंचमधून ‘ओंब्राझ’ आला आणि इंग्रजीत ‘अम्ब्रिज’ झाला. पंधराव्या शतकात इंग्रजीत त्याचा अर्थ सरळ ‘सावली’ होता. पुढे सावली पाडणाऱ्या पानांच्या दाटीलाही ‘अम्ब्रिज’ म्हणू लागले. ‘अम्ब्रेजस’ हे विशेषण सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून छापील इंग्रजीत आहे.

सावलीचा रागलोभाशी संबंध कसा जुळला, हे नवख्याला कोडे वाटते. उलगडा फ्रेंचमध्ये आहे. तिथे ‘ओंब्राझ्यो’ हे विशेषण घोड्याला लावत. स्वतःची किंवा रस्त्यावरची सावली पाहून दचकणारा, पाय रोवून उभा राहणारा घोडा तो ‘ओंब्राझ्यो’. तोच शब्द मग माणसाला लागला: काही नसताना संशय घेणारा, लगेच दुखावणारा. आपल्याकडे बैल बुजतो, नवा गोऱ्हा पुलावर बुजतो, घोडा बुजतो. ‘बुजणे’ हे क्रियापद डोक्यात ठेवले तर तिसरा अर्थ पाठ करावा लागत नाही. सतराव्या शतकात इंग्रजीतही ‘अम्ब्रिज’ला संशय, मग नाराजी असे अर्थ चिकटले आणि ‘टेक अम्ब्रिज’ हा वाक्प्रचार रूढ झाला. आज हा वाक्प्रचार चांगला चालता आहे. सावलीचा मूळ अर्थ मात्र फक्त जुन्या वळणाच्या लिखाणात उरला आहे.

तिसरी पायरी: शेजारचे नाम पाहा

या लेखातली सगळ्यात कामाची पायरी हीच. शब्द दिसला की कोश उघडण्याआधी तो कोणत्या नामाला लागला आहे ते पेन्सिलीने अधोरेखित करा. नाम तीन गटांपैकी एकात बसते.

पहिला गट झाडांचा. ओक, एल्म, वड, आंबा, पानांचा घुमट, फांद्या, पर्णसंभार. इथे अर्थ ‘सावली देणारा’.

दुसरा गट जागांचा. वाट, गल्ली, बाग, दरी, ओढ्याचा काठ, विसाव्याची जागा. इथे अर्थ ‘सावलीत असलेला’. जागा सावली देत नाही, सावली तिच्यावर पडलेली असते. ‘अ‍ॅन अम्ब्रेजस लेन’चे ‘सावली देणारी गल्ली’ असे भाषांतर केले की वाक्य कोसळते. ‘गर्द झाडीतून जाणारी गल्ली’ किंवा ‘झाडांनी झाकलेली वाट’ असे करावे लागते. मराठीत सावली देणाऱ्या आणि सावली घेणाऱ्या गोष्टीला एकच विशेषण सहसा चालत नाही, रचना बदलावी लागते; इंग्रजीत दोन्हींचे काम एका शब्दात होते.

तिसरा गट माणसांचा: माणूस, स्वभाव, दरबारी, शेजारी, राजा, कधी एखादे राष्ट्रसुद्धा. इथे सावलीचा संबंध संपला. ‘अ‍ॅन अम्ब्रेजस टेम्पर’ म्हणजे बारीकसारीक गोष्टीत अपमान पाहणारा स्वभाव.

नाम दोन्हीकडे जाऊ शकत असेल तर आजूबाजूची दोन वाक्ये वाचा. ‘अम्ब्रेजस कोर्ट’ असे आले तर ‘कोर्ट’ म्हणजे झाडांचे अंगण की मानापमानाने धुमसणारा राजदरबार, हे त्या एका वाक्यावरून कळणार नाही. मागेपुढे ऊन, कारंजे, पाने असतील तर अंगण. वकील, वजीर, निरोप, नजराणा असतील तर दरबार.

चौथी पायरी: झाड खरोखर ‘अम्ब्रेजस’ आहे का

इंग्रजीत स्वतः लिहिताना किंवा मराठी मजकूर इंग्रजीत नेताना हा प्रश्न येतो. प्रत्येक झाडाची सावली पडते, पण प्रत्येक झाडाला हे विशेषण शोभत नाही. त्यात दाटपणा गृहीत आहे. पानांतून ऊन जमिनीवर जेमतेम ठिपक्यांनी उतरते, खाली माणसे बसू शकतात, फांद्या पसरलेल्या आहेत, असे झाड हवे.

पारख भर उन्हाळ्यात करा. मराठवाडा कर्कवृत्ताच्या दक्षिणेला असल्याने मे महिन्याच्या मध्यावर इथे सूर्य माध्यान्हीला अगदी डोक्यावर येतो. लातूर, धाराशिवला तो काही दिवस आधी येतो, छत्रपती संभाजीनगर, जालना, हिंगोलीला काही दिवस नंतर. घड्याळात ती वेळ बाराची नसून सव्वाबारा ते साडेबाराच्या दरम्यानची असते, कारण भारतीय प्रमाणवेळ आपल्या पूर्वेच्या साडेब्याऐंशी अंशाच्या रेखावृत्तावरून ठरते. अशा वेळी झाडाची सावली बरोबर त्याच्या पायाशी गोळा होते आणि विस्तार किती, दाटी किती, हे दोन्ही एकदम दिसते.

आता आपल्याकडची झाडे घेऊ. वड, चिंच, आंबा ही तिन्ही निःशंक ‘अम्ब्रेजस’. संभाजीनगरच्या पाणचक्कीतला जुना वड, गावोगावचे पाराचे वड, बांधावरची म्हातारी चिंच यांना हे विशेषण बेलाशक लावा. कडुनिंब आणि करंजही बसतात. दोघांची पाने उन्हाळ्याच्या तोंडाशी झडतात, पण कडक ऊन सुरू होईपर्यंत नवी पालवी भरलेली असते. पिंपळ चालतो. पानगळीच्या आठवड्यांत मात्र त्याच्याबद्दल असे लिहू नका.

बाभळीला हे विशेषण लावू नका. तिची सावली विरळ, चाळणीतून ऊन गळावे तशी. मेंढ्या तिच्याखाली उभ्या राहतात, तरी इंग्रजी वाचकाच्या डोळ्यापुढे ‘अम्ब्रेजस’ने जे उभे राहते ते हे नव्हे. शेवगा, सुबाभूळ, शिंदी यांचेही तेच. निलगिरी उंच असते, पण तिची पाने लोंबती आणि उभी, त्यामुळे ऊन त्यांच्या कडांवरून सरळ खाली उतरते. गुलमोहराबाबत फसगत होते. त्याचा आकार छत्रीसारखा पसरट, म्हणून हात तिकडे वळतो. पण पाने बारीक पिसांसारखी आणि उन्हाळ्याच्या सुरुवातीला बहुतेक झडलेली असतात. आकार छत्रीचा असला तरी सावली दाट हवी, ही अट सुटत नाही. पळस आणि काटेसावर फुलतात तेव्हा जवळजवळ निष्पर्ण असतात. फाल्गुनातल्या पळसाला ‘अम्ब्रेजस’ म्हणणारा लेखक झाड न पाहता लिहितो आहे, असेच जाणकार समजणार.

जंगलांनाही ऋतू पाहून शब्द लावा. कन्नडजवळचे गौताळा किंवा बीड जिल्ह्यातले नायगाव, दोन्ही अभयारण्यांतले जंगल कोरडे, पानझडीचे. श्रावण-भाद्रपदात तिथल्या घळी ‘अम्ब्रेजस’ म्हणण्याजोग्या होतात; चैत्रात त्याच घळीत खडक तापलेला असतो.

खडकाच्या सावलीचे काय? वेरूळच्या लेण्यांत गारवा आहे, सावली आहे. जुन्या इंग्रजी कवितेत गुहांनाही ‘अम्ब्रेजस’ म्हटलेले सापडते, तेव्हा अगदी चूक म्हणता येणार नाही. पण आजच्या वाचकाला या शब्दाने झाडीच आठवते. लेण्यांसाठी ‘शेडेड’ किंवा ‘डिम’ बरे. इमारतीच्या, ढगाच्या, ताडपत्रीच्या सावलीलाही हा शब्द नको. भाजीपाल्याच्या रोपवाटिकेवर आपण शेडनेट टाकतो, ते ५० टक्के किंवा ७५ टक्के असे मापून मिळते. त्या मोजलेल्या सावलीशी या शब्दाचा काही संबंध नाही.

पाचवी पायरी: मराठी शब्द निवडणे

‘छायादार’ हा शब्द चुकीचा नाही, पण तो हिंदीच्या वाटेने आलेला आणि सपाट आहे. मराठीकडे याहून नेमके शब्द आहेत, ते आधी आठवा.

एकट्या पसरलेल्या झाडासाठी ‘डेरेदार’. त्यात आकार आला, सावलीही आली. ‘अ‍ॅन अम्ब्रेजस मँगो’ म्हणजे ‘डेरेदार आंबा’, इतके पुरते. सावलीवर भर द्यायचा असेल तर ‘गर्द सावलीचा आंबा’. झाडांच्या समूहासाठी ‘गर्द’, ‘दाट’. आणि समूहाचे नाव आपल्याकडे तयार असेल तर विशेषण गाळूनही चालते. जुन्या इंग्रजी लिखाणात ‘मँगो टोप’ असा शब्दप्रयोग सतत येतो. ‘टोप’ म्हणजे इथे आमराई, टोपीशी संबंध नाही. ‘अम्ब्रेजस मँगो टोप’चे ‘गर्द आमराई’ करा. देवाच्या नावाने राखलेली झाडी असेल तर ‘देवराई’, पण मूळ मजकुरात तसा उल्लेख असेल तरच. केवळ झाडी जुनी आहे म्हणून देवराई करू नका.

कवितेत किंवा संस्कृतप्रचुर गद्यात ‘घनच्छाय’ शोभतो. शेतावरच्या वर्णनात तो घालू नका, बाकीच्या वाक्याला पेलत नाही. वाटेसाठी ‘झाडांनी झाकोळलेली’ असे लिहिताना जरा थांबा: ‘झाकोळणे’ यात अंधारून येण्याची, उदासीची छटा आहे. मूळ शब्दात गारवा आणि विसावा आहे, उदासी नाही.

याच कारणाने ‘सावट’ वर्ज्य. दुष्काळाचे सावट, संकटाचे सावट, असाच तो शब्द आपण वापरतो आणि मराठवाड्यात त्याचा अर्थ कुणाला समजावून सांगावा लागत नाही. ‘छायेखाली’ हेही बहुधा भीतीच्या, दहशतीच्या संदर्भात येते. झाडाच्या बाबतीत सरळ ‘सावलीत’ म्हणा. ‘छायांकित’ तर पूर्ण वेगळ्या वाटेला गेलेला शब्द आहे: तहसीलच्या अर्जासोबत आधारकार्डाची छायांकित प्रत जोडतात. ‘छायांकित उद्यान’ वाचून वाचकाला झेरॉक्सचे दुकान आठवेल. ‘पर्जन्यछाया’ हा भूगोलाचा शब्द, सह्याद्रीच्या आडोशामुळे पाऊस कमी पडणाऱ्या पट्ट्यासाठी. इंग्रजीत त्याला ‘रेन शॅडो’च म्हणायचे.

एकच शब्द संपूर्ण पुस्तकभर वापरायचा हट्ट धरू नका. मूळ लेखकाने ‘अम्ब्रेजस’ पाच वेळा वापरला असेल आणि पाचही वेळा नाम वेगळे असेल, तर मराठीत पाच वेगळे शब्द आले तरी अनुवाद प्रामाणिकच राहतो. फक्त आपल्या नोंदवहीत कुठे काय घेतले ते लिहून ठेवा, संपादक विचारतो.

सहावी पायरी: माणसाला लागलेला शब्द

तिसऱ्या अर्थासाठी पहिल्या फटक्यात ‘तापट’ किंवा ‘रागीट’ सुचते. दोन्ही टाळा. तापट माणूस कशावरूनही भडकतो आणि थोड्या वेळाने निवतो. ‘अम्ब्रेजस’ माणूस आधी अपमान पाहतो, मग रागावतो किंवा गप्प होतो. त्याच्या रागाच्या मुळाशी मान आणि संशय असतात. ‘हळवा’ही नको, त्यात कोवळीक आहे.

मराठीत या स्वभावाला शब्दांची वाण नाही, कारण आपल्या लग्नकार्यांत तो दर वर्षी दिसतो. आहेर कमी पडला, पत्रिकेत नाव खाली छापले, पंगतीला उशिरा बोलावले, एवढ्यावर जे बिनसते ते सगळे या अर्थाच्या कक्षेत येते. ‘मानपानावर अडणारा’, ‘लगेच मनाला लावून घेणारा’, ‘रुसका’, ‘मनात किंतु धरणारा’, ‘शंकेखोर’. यांतला कोणता घ्यायचा हे तो माणूस पुढे काय करतो त्यावर ठरवा. बोलणे बंद करत असेल तर ‘रुसका’; दुसऱ्याच्या शब्दांत हेतू शोधत असेल तर ‘शंकेखोर’; मोठ्या हुद्द्याचा असेल, सरदार किंवा वकील असेल, तर ‘मानापमानाविषयी फाजील जागरूक’ असे लांबलचक लिहिले तरी चालेल. घरातल्या वडीलधाऱ्याबद्दल असेल तर ‘मानपानावरून पटकन बिनसणारे काका’ अशी आदरार्थी रचना ठेवा. इंग्रजीत आदरार्थी बहुवचन नाही, म्हणून आपणही एकेरीवर उतरायचे असे नाही.

‘टेक अम्ब्रिज’च्या जोडीला येणारे अव्यय ‘अ‍ॅट’: ‘शी टुक अम्ब्रिज अ‍ॅट द रिमार्क’, म्हणजे ‘ते बोलणे तिला लागले’. ‘विथ’ लावणे ही नवख्याची चूक. ‘गिव्ह अम्ब्रिज’ म्हणजे दुसऱ्याला नाराज होण्याचे कारण देणे. ‘अम्ब्रिज’ क्रियापद म्हणून वापरू नका. जुन्या इंग्रजीत तसे झालेले आहे, आज ते चूकच दिसते. आणि स्पर्धा परीक्षेत शब्दार्थाचा प्रश्न आला तर ‘अम्ब्रिज’साठी नाराजी, दुखावणे, अपमान वाटणे या दिशेचा पर्याय आधी पाहा. ‘अम्ब्रेजस’साठी मात्र ‘शेडी’ हा पर्याय दिलेला असेल तर बहुधा तोच उत्तराचा असतो.

सातवी पायरी: कुठे वापरू नये

नोकरीचा अर्ज, ईमेल, वर्गातला निबंध, पर्यटनाचे माहितीपत्रक: इथे ‘शेडी’ किंवा ‘लीफी’ लिहा. दुर्मिळ शब्दाने वाक्य भारदस्त होते ही समजूत विद्यार्थ्यांचे नुकसान करते. तपासणाऱ्याला त्यात शब्दकोश दिसतो, आणि शेजारच्या साध्या वाक्यांतल्या चुका आणखी ठळक होतात. एकोणिसाव्या शतकातला आवाज मुद्दाम उभा करायचा असेल, जुन्या बागेचे संथ वर्णन करायचे असेल, कवितेचा अनुवाद असेल, तिथे तो जरूर घ्या.

‘शेडी’लाही एक काटा आहे. ‘शेडी डील’, ‘शेडी कॅरॅक्टर’ म्हणजे संशयास्पद व्यवहार, लबाड माणूस. हा अर्थ ‘अम्ब्रेजस’ला नाही. जमिनीच्या घोटाळ्याला ‘अम्ब्रेजस डील’ म्हटले तर वाचक गोंधळेल. दोघांत संशय आहे, पण दिशा उलटी: ‘शेडी’ माणसावर लोक संशय घेतात, ‘अम्ब्रेजस’ माणूस लोकांवर घेतो.

‘अम्ब्रेजस शेड’ ही पुनरुक्ती आहे. सावली शब्दातच आली, पुन्हा सावली कशाला? आणि घाईत वाचताना ‘आउटरेजस’शी गल्लत होते. शेवट सारखा, जोरही त्याच जागी. ‘आउटरेजस’ म्हणजे अतिरेकी, संताप आणणारे. ऐकून लिहिलेल्या मजकुरात ही चूक नक्की तपासा.

आसपासचे शब्द

उम्ब्रापासून आलेले बरेच शब्द तुम्हाला आधीच माहीत आहेत. ‘अम्ब्रेला’ इटालियनमधून आला, मूळ काम उन्हापासून आडोशाचे. ग्रहणात येणारे ‘अम्ब्रा’ आणि ‘पेनम्ब्रा’ म्हणजे शाळेच्या पुस्तकातल्या प्रच्छाया आणि उपच्छाया. कोथिंबीर फुलाला सोडली की वर छत्रीसारखा फुलोरा येतो, त्याला वनस्पतिशास्त्रात ‘अम्बेल’ म्हणतात. ‘अ‍ॅडम्ब्रेट’ म्हणजे पुढच्या गोष्टीची पुसट रूपरेषा देणे. ‘अम्ब्रिफेरस’ म्हणजेही सावली देणारा, पण तो इतका दुर्मिळ की ओळखता आला तरी खूप झाले.

सावलीची आणखी एक विशेषणमाला ग्रीकमधून आली आहे. ग्रीकमध्ये सावलीला ‘स्किया’ म्हणतात, आणि भाषाभ्यासक आपल्या ‘छाया’चे नाते त्याच्याशी जोडतात. माध्यान्हीला ज्यांची सावली वर्षातल्या काही काळात उत्तरेला आणि काही काळात दक्षिणेला पडते, अशा लोकांना जुन्या इंग्रजी भूगोलात ‘अ‍ॅम्फिशियन’ म्हणत. ज्यांची सावली काही दिवस पडतच नाही ते ‘अ‍ॅशियन’. मराठवाड्यातली सगळी माणसे दोन्ही आहेत. वर्षातला बहुतेक काळ इथे दुपारची सावली उत्तरेला पडते. मेच्या मध्यापासून जुलैच्या उत्तरार्धापर्यंत ती दक्षिणेला जाते, आणि ही बाजू बदलताना दोनदा जवळजवळ नाहीशी होते. दुसऱ्या वेळी बहुधा पावसाळी ढग असतात, म्हणून पाहायचे असेल तर मे महिन्यात अंगणात उभी काठी रोवून पाहा.

सरावासाठी चार वाक्ये

आधी मराठी उत्तर झाकून स्वतः करून पाहा.

‘द ट्रॅव्हलर्स रेस्टेड बिनीथ अ‍ॅन अम्ब्रेजस टॅमरिंड.’ नाम झाड, अर्थ पहिला. ‘वाटसरू एका डेरेदार चिंचेखाली विसावले.’ ‘टॅमरिंड’ला ‘चिंचेचे झाड’ असे लांबवायची गरज नाही.

‘अ‍ॅन अम्ब्रेजस पाथ लेड टू द वेल.’ नाम वाट, अर्थ दुसरा. ‘दाट झाडीतली पाऊलवाट विहिरीकडे जात होती.’ इथे ‘सावली’ हा शब्दच आला नाही, तरी अर्थ पुरता आला. मूळ परिच्छेद उन्हाच्या तडाख्याचा असेल तर ‘सावलीतली पाऊलवाट’ अधिक बरी.

‘द ओल्ड नोबलमन वॉज अम्ब्रेजस अँड स्लो टू फरगिव्ह.’ नाम माणूस, अर्थ तिसरा. ‘म्हातारे सरदार मानापमानाच्या बाबतीत फार जपून असत आणि मनातली अढी लवकर सोडत नसत.’ ‘स्लो टू फरगिव्ह’चे ‘माफ करायला हळू’ असे शब्दशः केले तर ते मराठी राहत नाही.

‘द टाउन, वन्स अम्ब्रेजस, नाउ स्टँड्स बेअर.’ नाम गाव, म्हणजे जागा, अर्थ दुसरा. ‘एके काळी झाडीत बुडालेले हे गाव आता उघडेबोडके पडले आहे.’ इथे ‘बेअर’ हा जोडीचा शब्द अर्थ पक्का करतो. तो नसता तर गावकऱ्यांच्या स्वभावाविषयी काही म्हणायचे आहे का, हे मागची वाक्ये वाचून ठरवावे लागले असते.